जॅझ आणि इलेक्ट्रॉनिक एकत्र करायचंय? आधी लेहरा ऐका

मला सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न म्हणजे जॅझवालं इलेक्ट्रॉनिक करायला सॉफ्टवेअर कोणतं घेऊ. अहो कोणतंही घ्या, एबलटन घ्या, एफएल घ्या, जे मित्राकडे आहे तेच घ्या म्हणजे अडलं की फोन करता येतो. खरा घोळ पुढे होतो. चार सेव्हन्थ कॉर्ड (चार सुरांच्या, जॅझमध्ये सतत येणाऱ्या) टाकायच्या, वर सॅक्सोफोनचा रेडीमेड लूप, म्हणजे फिरत राहणारा तुकडा, चिकटवायचा आणि झालं जॅझ हाउस, म्हणजे जॅझवालं क्लब-डान्स म्युझिक! मी दोन वर्षं हेच केलं आणि सगळे ट्रॅक हॉटेलच्या लिफ्टमध्ये वाजतात तसे वाजायचे.

मग मी फ्लोटिंग पॉइंट्स नीट ऐकायला घेतला. म्हणजे सॅम शेपर्ड, मँचेस्टरचा इलेक्ट्रॉनिक संगीतकार आणि डीजे. लहानपणी तिथल्या कथीड्रलच्या कॉयरमध्ये गायचा, पुढे चेटम्स या म्युझिक स्कूलमध्ये शिकला, आणि नंतर लंडनच्या यूसीएलमध्ये चक्क न्यूरोसायन्समध्ये पीएचडी केली, आणि ती चालू असतानाच प्लास्टिक पीपल नावाच्या छोट्या क्लबात रेकॉर्ड लावायचा. पहिल्या बारा इंची रेकॉर्ड्स २००९ च्या आसपास आल्या, पहिला पूर्ण अल्बम 'इलेनिया' थेट २०१५ मध्ये. त्यामुळे पायरी पहिली: नोकरी किंवा कॉलेज सोडू नका. भाड्याचं टेन्शन असलं की माणूस लग्नातला रिमिक्स पण घेतो (घेतलाय, बोलायचं नाही त्यावर).

दुसरी पायरी ऐकण्याची. २०२१ चा 'प्रॉमिसेस' लावा. शेपर्ड, लंडन सिम्फनी ऑर्केस्ट्रा आणि सॅक्सोफोनवर फॅरो सँडर्स, जे साठच्या दशकात जॉन कोल्ट्रेनबरोबर वाजवायचे आणि हा अल्बम आला तेव्हा ऐंशीचे होते. सुमारे ४६ मिनिटांच्या अल्बममध्ये बहुतेक वेळ एकच छोटीशी सुरावट फिरत राहते. आपल्याला हे नवीन नाहीये, तबला सोलोला पेटीवर किंवा सारंगीवर लेहरा धरतात ना, तसंच. लेहरा धरणारा गडबड करत नाही म्हणून तबलजी मोकळा सुटतो. तर तुम्हीही सात-आठ सुरांचा एक लूप करा, दहा मिनिटं चालू ठेवा, त्याला अजिबात हात लावू नका आणि वर फोनमध्ये नुसतं गुणगुणत रेकॉर्ड करा. दोन मिनिटांत कंटाळा आला तर लूपच बदला, वर इफेक्ट टाकून वाचत नाही तो.

आता कॉर्ड. रोड्स या इलेक्ट्रिक पियानोचा आवाज घेऊन दोन्ही हातांनी भरगच्च वाजवलं की बेसला जागाच उरत नाही. कॉर्डचा मूळ सूर बेसला द्या आणि तुम्ही फक्त त्या सुरापासून मोजून तिसरा आणि सातवा वाजवा. डी मायनर सेव्हनला एफ आणि सी, मग जी सेव्हनला एफ तसाच आणि सी उतरून बी, मग सी मेजर सेव्हनला बी तसाच आणि एफ उतरून ई. बघा, प्रत्येक वेळी एकच बोट अर्ध्या सुराने खाली सरकतंय! हे मला कळलं त्या दिवशी मी रात्री तीनपर्यंत तेवढंच वाजवत बसलो.

ताल सोपा ठेवा. मिनिटाला १२० ठोक्यांच्या आसपास टेम्पो, किक (मोठा ड्रम) एकदम ग्रिडवर, म्हणजे सॉफ्टवेअरच्या ठोक्यांच्या रेघांवर, हायहॅटला (छोट्या झांजांना) ५५ ते ५८ टक्के स्विंग, म्हणजे दर दुसरा ठोका जरा उशिरा (५० म्हणजे सरळ, ६६ म्हणजे पूर्ण ट्रिपलेट, तीन भागांची लय), आणि पियानो हाताने वाजवलेला असेल तर क्वांटाइझ करू नका, म्हणजे सॉफ्टवेअरला सूर रेघांवर ओढू देऊ नका, प्लीज.

सॅम्पलचं, म्हणजे दुसऱ्याच्या रेकॉर्डिंगमधून उचललेल्या तुकड्याचं काय, तर सेंट जर्मेन या फ्रेंच संगीतकाराचं 'रोज रूज' ऐका, २००० सालच्या 'टुरिस्ट' अल्बममधलं, ब्लू नोट या जॅझ रेकॉर्ड कंपनीने काढलेलं. त्यातला बाईचा आवाज मार्लेना शॉचा, १९७३ च्या माँट्रो फेस्टिव्हलमधल्या लाइव्ह रेकॉर्डिंगवरून घेतलेला, आणि त्या अल्बमभर ट्रम्पेट, बासरी, पर्कशन माणसांनी वाजवलंय. तुम्ही सॅम्पल वापरलंत तर परवानग्या दोन लागतात, एक रेकॉर्डिंगच्या मालकाची आणि एक गाण्याच्या हक्कांची. त्यापेक्षा ओळखीतला ट्रम्पेटवाला गाठा, पैसे द्या आणि कुणाचे किती टक्के ते त्याच दिवशी लिहून ठेवा. आणि जॅझ शोधायला न्यूऑर्लीन्सलाच जायला हवं असं नाही, भगवानदादांच्या 'अलबेला'त (१९५१) सी. रामचंद्रांच्या गाण्यांमागे गोव्याचा चिक चॉकलेट नावाचा वादक ट्रम्पेट घेऊन आहे, आणि मुंबईच्याच चरणजित सिंगांनी १९८२ मध्ये ८०८ (ड्रम मशीन) आणि ३०३ (बेस सिंथेसायझर) वापरून राग वाजवून ठेवलेत.

डीजेइंगला बसाल तेव्हा एक लक्षात ठेवा, जुन्या जॅझ रेकॉर्डवर ड्रमर माणूस आहे, त्याचा टेम्पो गाणं चालू असताना हलतो, त्यामुळे दोन गाण्यांचा वेग आपोआप जुळवणारं सिंकचं बटण तोंडघशी पाडतं. पिच फेडरवर (गाण्याचा वेग कमी-जास्त करणाऱ्या सरकपट्टीवर) बोट ठेवून धरत राहायचं, नाही जमलं तर गाणं सरळ संपू द्या आणि पुढचं लावा, लोक काही पळून जात नाहीत. पहिला स्लॉट मिळेल तो वॉर्मअपचा, म्हणजे मुख्य डीजेच्या आधीचा, रात्री नऊला, समोर बारटेंडर आणि दोन माणसं. तिथे ११५ वर निवांत सुरू करा, विलंबित समजा, द्रुत नंतर येणाऱ्यासाठी सोडा. आणि हेडफोनचे अडॅप्टर दोन न्या, एक कायम हरवतो.