कुत्र्याला गाडी लागते? या चुका टाळा

साखळीहून बेळगावला जाताना केरी मागे पडेपर्यंत आमची शेरी ठीक असायची. चोर्ला घाटाची वळणं सुरू झाली की ओठ चाटायची, जांभयांवर जांभया द्यायची. झोप आली असेल, असं मला वाटायचं. मग लाळेची तार सीटवर लोंबायची आणि उलटी व्हायची. जांभई आणि ओठ चाटणं या मळमळीच्या खुणा आहेत. त्या दिसल्या की सुरक्षित जागा बघून गाडी थांबवा, पट्टा लावून पाच मिनिटं फिरवा.

लांबचा प्रवास म्हणून निघताना वाडगाभर पेज पाजायची, ही चूक मीही केली. मोठ्या, निरोगी कुत्र्याला आधीचे 3-4 तास खाणं नको. पाणी मात्र द्या. पिल्लांना फार वेळ उपाशी ठेवू नका. त्यांच्या कानातली तोल सांभाळणारी रचना पुरती तयार नसते, म्हणून त्यांना गाडी जास्त लागते. बऱ्याच जणांचं वर्षभरात थांबतं.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे फक्त इंजेक्शनला नेतानाच गाडीत बसवणं. शेरी तर दार उघडताच लाळ गाळायची, इंजिन सुरूही नसायचं. ती भीतीची लाळ होती. मग आम्ही अंगणात उभ्या गाडीत तिची जुनी चादर अंथरली आणि रोज 10 मिनिटं तिच्याजवळ बसलो. उकडलेल्या चिकनचा एखादा तुकडा द्यायचा, बस्स. आठवड्याने इंजिन सुरू केलं, मग वाड्याच्या टोकापर्यंत एक फेरी, मग बाजारापर्यंत. लाळ दिसली की एक पायरी मागे. घाट सगळ्यात शेवटी. महिना गेला, पण घाई केली असती तर सगळं पाण्यात गेलं असतं.

आपली उलटीची गोळी अर्धी करून देऊ नका. कुत्र्यांसाठी मॅरोपिटंट नावाचं औषध आहे. डोस वजनावर ठरतो, प्रवासाआधी साधारण 2 तास देतात. ते डॉक्टरांना विचारूनच द्या.

मांडीवर बसवू नका, हार्नेस बांधा. मांजर असेल तर बास्केट सीटला घट्ट बांधा. काच दोन बोटं उघडी ठेवा, डोकं बाहेर काढू देऊ नका. अत्तराची डबी काढून ठेवा. चहाला उतरताना बंद गाडीत एकटं सोडू नका. आपल्या उन्हात गाडी काही मिनिटांत तापते.

उलटी झालीच तर ओरडू नका, पुसून घ्या आणि पाणी दाखवा. गाडीत नसतानाही उलट्या होत असतील, तर मात्र थेट डॉक्टरांकडे न्या.