ज्युडी डेंच यांची कारकीर्द कशी अभ्यासावी

ब्रिटिश अभिनेत्री ज्युडी डेंच यांच्याशी बहुतेकांची पहिली भेट १९९५ च्या ‘गोल्डनआय’ या जेम्स बाँडपटातील ‘एम’ या गुप्तहेरप्रमुखाच्या भूमिकेतून होते. त्या वेळी त्या साठ वर्षांच्या होत्या आणि रंगभूमीवर त्यांची जवळजवळ चार दशके गेली होती. म्हणून त्यांचा अभिनय खरोखर समजून घ्यायचा असेल, तर चित्रपटांची यादी काही काळ बाजूला ठेवून नाटकापासूनच सुरुवात करावी.

पार्श्वभूमीसाठी मोजके तपशील पुरेत. जन्म १९३४ चा, यॉर्कचा. आधी ओढ नेपथ्याची, मग लंडनच्या सेंट्रल स्कूलमध्ये अभिनयाचे शिक्षण, १९५७ मध्ये लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यसंस्थेच्या ‘हॅम्लेट’मध्ये ऑफिलिया आणि १९६१ मध्ये रॉयल शेक्सपिअर कंपनीत प्रवेश.

सर्वाधिक वेळ द्यावा तो १९७६ च्या ‘मॅक्बेथ’ला. ट्रेव्हर नन यांनी हा प्रयोग स्ट्रॅटफर्डच्या ‘द अदर प्लेस’ या पत्र्याच्या छोट्याशा नाट्यगृहात बसवला, इयन मकेलन मॅक्बेथ होते आणि डेंच लेडी मॅक्बेथ, आणि पुढे थेम्स टेलिव्हिजनने तो चित्रित केल्यामुळे आज आपल्याला पाहता येतो. पाहण्याआधी पाचव्या अंकाचा पहिला प्रवेश वाचून घ्यावा. झोपेत चालणारी लेडी मॅक्बेथ हात चोळत असते आणि एका जागी संहितेत केवळ ‘ओ, ओ, ओ’ एवढेच लिहिलेले आहे. त्यावर जवळ उभा असलेला वैद्य ‘काय हा उसासा!’ अशा अर्थाचे बोलतो. म्हणजे त्या तीन अक्षरांतून वैद्याला हादरवणारा उसासा निघाला पाहिजे, ही नटीची परीक्षा. डेंच त्या अक्षरांचा एकच दीर्घ, न संपणारा विलाप करतात. हा भाग एकदा डोळे मिटून केवळ ऐकावा आणि मग पुन्हा पाहावा. श्वास कुठे घेतला जातो हे कळले की पुढच्या सगळ्या भूमिका वेगळ्या दिसू लागतात, असा माझा अनुभव आहे.

त्यानंतर गाण्याकडे वळावे. १९६८ मध्ये त्यांनी लंडनमध्ये ‘कॅबरे’ या संगीतिकेतील गायिका सॅली बोल्स साकारली आणि १९९६ च्या ऑलिव्हिए या लंडनच्या नाट्यपुरस्कारांत गद्य नाटक आणि संगीतिका या दोन्ही विभागांत त्या सर्वोत्तम अभिनेत्री ठरल्या. त्यांच्या गाण्यात सुरांच्या सफाईपेक्षा शब्दांमागचा विचार आधी ऐकू येतो.

चित्रपटांपैकी दोन लागोपाठ पाहावेत: ‘मिसेस ब्राउन’मधील व्हिक्टोरिया आणि ‘शेक्सपिअर इन लव्ह’मधील पहिली एलिझाबेथ. दोन्हींचे दिग्दर्शक जॉन मॅडन. पहिल्यासाठी ऑस्करचे नामांकन मिळाले आणि दुसऱ्यासाठी प्रत्यक्ष ऑस्कर, तेही पडद्यावरच्या जेमतेम आठ मिनिटांसाठी. व्हिक्टोरिया दुःखाने स्वतःला कोंडून घेते, तर एलिझाबेथ भर दरबारात एका नजरेने माणसे गप्प करते. आवाज बंद करून दोन्ही भूमिकांतील मान, खांदे आणि नजर यांची नोंद कागदावर करावी. पुरस्कारांची मोजदाद मात्र अभ्यास समजू नये.

ज्या प्रयोगांचे चित्रीकरण हाती लागत नाही, उदाहरणार्थ १९८७ मध्ये अँथनी हॉपकिन्स यांच्यासोबत नॅशनल थिएटरमध्ये केलेली क्लिओपात्रा, त्यांच्यासाठी त्या काळची परीक्षणे आणि छायाचित्रे शोधावीत. एकाच परीक्षणावर विसंबू नये; दोन परीक्षकांचे जिथे पटत नाही, तिथेच भूमिकेबद्दल सर्वाधिक शिकायला मिळते.

शेवटी ‘बेलफास्ट’ पाहावा. हा चित्रपट २०२१ चा. तोवर नेत्रपटलाच्या विकारामुळे त्यांची दृष्टी इतकी क्षीण झाली होती की संवाद दुसऱ्याकडून वाचून घेऊन, ऐकून पाठ करावे लागत. कुटुंब शहर सोडून निघते तेव्हा मागे राहणाऱ्या आजीचा, म्हणजे डेंच यांचा, चेहरा कॅमेरा अगदी जवळून दाखवतो. तिथे थांबावे, आणि श्वासाकडे लक्ष ठेवून ते दृश्य पुन्हा एकदा पाहावे.