पेठ-सुरगाण्यात रुजू होताय? आधी गाव मोजायला शिका

सुरगाणा, पेठ किंवा त्र्यंबकेश्वरचा आदेश हातात पडला की नाशकातले नातेवाईक तोंड पाडतात. पाडू द्यात. मी सर्वेक्षणाच्या कामानं या पट्ट्यात आले, आणि कागदावरचा आकडा नि पाड्यावरची माणसं जुळवताना माझी आजही दमछाक होते. तुम्ही ग्रामपंचायत अधिकारी म्हणून या, नाहीतर एमएसडब्ल्यूच्या (समाजकार्याच्या पदव्युत्तर पदवीच्या) फिल्डवर्कला, तुमचीही होणार.

नाशिक जिल्ह्याचे १५ तालुके, २०११च्या जनगणनेत ६१,०७,१८७ माणसं, महसूलची कलेक्टर-प्रांत-तहसीलदार ही एक साखळी, जिल्हा परिषदेची सीईओ-बीडीओ-ग्रामपंचायत अधिकारी (पूर्वीचे ग्रामसेवक) ही दुसरी. भरतीच्या अभ्यासात हे सगळं पाठ झालेलं असतं, त्यावर वेळ घालवत नाही. फक्त एवढं बघा, की त्या ६१ लाखांतले १७,५५,४९१ एकट्या नाशिक तालुक्यात आणि ९,५५,५९४ मालेगाव तालुक्यात आहेत. अख्खा पेठ तालुका १,१९,८३८ आणि सुरगाणा १,७५,८१६. त्यामुळे जिल्ह्याची सरासरी दाखवून पेठबद्दल काही सांगणाऱ्या माणसाचं ऐकू नका, मग तो साहेब का असेना. (तक्ता शोधताना पेठ सापडला नाही तर घाबरू नका, जनगणनेच्या इंग्रजी कागदात तो 'पेइंट' असतो. सटाणा शोधायचा तर बागलाण बघा.)

आता मुख्य गोष्ट. यात मीही सापडले होते, म्हणून जरा जास्तच सांगते.

तुम्हाला कुणीतरी विचारणार, "गावाची लोकसंख्या किती?" तुम्ही जनगणनेचा तक्ता उघडून आकडा सांगणार. तो आकडा महसुली गावाचा असतो, म्हणजे ज्याची हद्द, नकाशा आणि सातबारा आहेत त्याचा. ग्रामपंचायत मात्र बऱ्याच ठिकाणी ग्रुप ग्रामपंचायत असते, दोन-चार महसुली गावं एकत्र. तलाठ्याचा, म्हणजे २०२४पासून ज्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं त्यांचा, सजा, म्हणजे त्यांच्या कामाचा टापू, आणखी वेगळा. त्याची हद्द ग्रामपंचायतीशी जुळेलच असं नाही. आणि माणसं तर यातल्या कुठल्याच कागदाप्रमाणे राहत नाहीत, ती पाड्यावर राहतात. एका महसुली गावाचे चार-पाच पाडे, मधे ओहोळ, एखादा पाडा डोंगराच्या पलीकडच्या अंगाला. जनगणनेच्या गाववार तक्त्यात या पाड्यांना वेगळी ओळ नसते.

मग बिघडतं कुठे? प्रधानमंत्री ग्रामसडक योजना घ्या. तिथे वस्ती मोजतात, महसुली गाव नाही. सपाटीवर ५०० लोकसंख्येची आणि अनुसूचित क्षेत्रात २५०ची वस्ती पात्र, तीही आधी २००१च्या आणि २०२४च्या चौथ्या टप्प्यापासून २०११च्या आकड्यांवर. तुमच्याकडे '९००' असा गावाचा एकच आकडा असेल तर त्यातला कुठला पाडा २५०च्या वर जातो, हे त्यावरून मुळीच कळत नाही. पेसाचं, म्हणजे अनुसूचित (आदिवासी) क्षेत्रातल्या ग्रामसभांना अधिकार देणाऱ्या कायद्याचंही तसंच. आदिवासी उपयोजनेचा ५ टक्के अबंध (ठरावीक कामाला न बांधलेला) निधी ग्रामपंचायतीला येतो. पण २०१४च्या नियमांप्रमाणे पाड्यातल्या निम्म्याहून अधिक मतदारांनी ठराव केला, तर पडताळणीनंतर तो पाडा स्वतंत्र गाव म्हणून घोषित होऊ शकतो. म्हणजे पेसाचं गाव एक, महसुली गाव दुसरं, आणि तुमच्या एक्सेलमध्ये दोघांचं नाव तेच! अशा दोन याद्या नावावरून जोडायच्या नाहीत. कधीच नाही. जनगणनेचा गाव-कोड लावा, आणि प्रत्येक आकड्यापुढे तो महसुली गावाचा, पंचायतीचा की पाड्याचा, हे लिहा. कंटाळा येतो, तरी लिहा.

यावर ऋतूची भानगड आहेच. खरिपाची भात-नागली निघाली की या पट्ट्यातली कुटुंबं दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत कामाला उतरतात. २०११ची गणना ९ ते २८ फेब्रुवारीत झाली, ऐन द्राक्षाच्या काढणीत. त्यामुळे फेब्रुवारीत पाड्यावर गेलात आणि दारोदारी कुलपं दिसली, तर 'वस्ती ओसाड' असं अहवालात लिहून मोकळे होऊ नका. पावसाळ्यात परत या, पोरांनी अंगण भरलेलं असेल.

गुरूंबद्दल माझं मत कडू आहे. क्लासवाल्या सरांची 'जिल्हा एका दृष्टिक्षेपात' ही पीडीएफ व्हॉट्सॲपवर फिरत असते. आकड्यापुढे वर्ष नाही, कशाचा आकडा तेही नाही. डिलीट करा. खरी माहिती आशाताई आणि अंगणवाडी सेविकेच्या रजिस्टरात असते, घरनिहाय. कोतवालाला पाड्यांची नावं तोंडपाठ असतात. मात्र त्यांच्याकडे "डेटा द्या" म्हणत जाऊ नका. ताई म्हणा, बसा, त्यांचं लसीकरण उरकू द्या. त्यांना रोज कुणी ना कुणी माहिती मागायला येतंच. आणि त्यांचंही रजिस्टर डोळे झाकून उचलू नका. आशाताईंचं कार्यक्षेत्र म्हणजे पंचायतीची हद्द नव्हे.

एवढं वाचून धास्तावला असाल, तर थोडा धीर धरा. पेठ-सुरगाण्यात लोक नवख्याला हसत नाहीत, चूक सांगतात आणि पाड्यापर्यंत सोबत चालतात. बोली सुरुवातीला अर्धी कळते, चार आठवडी बाजार फिरलात की कान सरावतो.

एक बारीकसं राहिलं. 'आठ अ' तलाठ्याकडचा, जमिनीच्या खात्याचा. 'नमुना ८' ग्रामपंचायतीचा, घरांच्या कर आकारणीचा. घरं मोजायची असतील तर दुसरा मागा. आणि नमुना ८मध्ये नाव नाही म्हणून घर नाही, असं धरू नका. वनजमिनीवरची कितीतरी घरं त्यात अजून चढायची आहेत.