इंदूरहून एका दिवसात मांडू: गाईड घ्या आणि त्याला पाणी दाखवायला सांगा

पाऊस सुरू झाला की रविवारी अर्धं इंदूर मांडूला निघतं, आणि त्यातली बरीच मंडळी जहाज महालासमोर फोटो, रूपमतीला फोटो, मध्ये एक भाजलेलं कणीस, असं करून संध्याकाळी परत येतात आणि म्हणतात की छान आहे पण खंडहरच आहेत ना सगळे. मला मनापासून सांगायचंय की मांडू म्हणजे आपला मांडवगड असा बघू नका. समुद्रसपाटीपासून ६०० मीटरहून उंच पठार, सभोवती खोल दऱ्या, ४० किलोमीटरच्या आसपास लांबीचा तट, १२ दरवाजे, आणि एवढं मोठं राजधानीचं शहर वर वसलेलं असताना नर्मदा नदी मात्र खाली निमाडच्या मैदानात. मग एवढे लोक, हत्ती, घोडे, बागा, हमामखाने पाण्यावाचून कसे चालले? हा एक प्रश्न घेऊन गेलात तर तिथला प्रत्येक दगड बोलायला लागतो, पण एकट्याने फिरून ते दिसत नाही, त्यासाठी चांगला लोकल गाईड लागतो. तो कसा घ्यायचा, त्याच्याकडून काय बघून घ्यायचं आणि दिवस कसा लावायचा, ते लिहितेय.

आधी दिवस निवडा. जुलै ते सप्टेंबर मांडू सगळ्यात देखणं असतं, पण शनिवार-रविवारी गाड्यांच्या रांगा लागतात आणि चांगले गाईड सकाळीच बुक होऊन जातात, त्यामुळे जमलं तर मधल्या वारी एक सुट्टी टाका. ऑक्टोबर ते फेब्रुवारी मला स्वतःला जास्त आवडतो, तलावात पाणी असतं, हवा स्वच्छ असते आणि दूरचं दिसतं. मे महिन्यात नका जाऊ, दगड तापतात आणि तलाव आटलेले असतात, म्हणजे जे बघायला जायचं तेच नसतं.

इंदूरहून धारमार्गे साधारण ९५ ते १०० किलोमीटर पडतं. सकाळी सहाला घर सोडा, पोहे-जलेबी रस्त्यात कुठेही मिळतात त्यासाठी थांबून उशीर करू नका. बेटमा गेलं की घाटाबिल्लोदला एक नदी ओलांडतो, ती चंबळ, आपल्या महूजवळच्या जानापावच्या डोंगरातून निघालेली, मुलं सोबत असतील तर त्यांना नक्की दाखवा कारण डाकूंच्या सिनेमातली चंबळ इथून जाते हे त्यांना खरंच वाटत नाही. बसने जायचं असेल तर गंगवाल बस स्टँडवरून धारची बस पकडा आणि धारला बदला, पण मग मांडूत फिरायला वेगळं वाहन बघावं लागतं, कारण तिथली ठिकाणं एकमेकांपासून लांब आहेत. चार-पाच जण असाल तर सरळ टॅक्सी करा आणि ड्रायव्हरला आधीच सांगून ठेवा की दिवसभर थांबायचंय.

धार लागेल तेव्हा बायपासने पळून जाऊ नका, अर्धा-पाऊण तास द्या, आपल्या मराठी लोकांनी तर द्यायलाच हवा. मराठा सरदार पवारांची राजधानी होती ही. धारच्या किल्ल्यात खरबूजा महाल म्हणून इमारत आहे, तिथे राघोबादादांच्या पत्नी आनंदीबाई आश्रयाला असताना १७७५ साली दुसऱ्या बाजीरावाचा जन्म झाला. पेशवाईचा शेवटचा पेशवा पुण्यापासून इतक्या लांब माळव्यात जन्मला हे पुण्याच्या पाहुण्यांना सांगितलं की ते हमखास चकित होतात. इथून पुढे पश्चिमेला अमझेरा आहे, १७२८ च्या नोव्हेंबरात चिमाजी अप्पांनी माळव्याचा मुघल सुभेदार गिरधर बहादूरला हरवलं ते गाव, त्या लढाईनंतर माळव्याचा दरवाजा मराठ्यांना उघडला आणि आपण आज इंदुरात मराठी बोलत बसलोय त्याची एक मुळी तिथवर जाते. पण ते या ट्रिपमध्ये कोंबू नका, वेगळा दिवस काढा.

आता गाईड. मांडूत गाडी थांबली की तीन-चार जण धावत येतात, घाई करू नका. टुरिझमचं किंवा पुरातत्त्व खात्याचं ओळखपत्र मागा, खरा गाईड ते हसत दाखवतो. मग चार गोष्टी तिथल्या तिथे बोलून घ्या: कोणकोणत्या जागा, किती तास, एकूण पैसे किती (माणशी नाही, ग्रुपचे), आणि तो आपल्या गाडीत बसणार की स्वतःच्या बाईकवर पुढे जाणार. शेवटची गोष्ट बारीक वाटते पण पाच जणांच्या गाडीत सहावा बसवताना जी खुसपट निघते ती टळते. बहुतेक गाईड हिंदीत सांगतात, काही जण निमाडी ढंगात फार गोड सांगतात, आजी-आजोबांनाही समजतं. आणि सुरुवातीलाच सांगून टाका, "भिया, राजा-रानी की कहानी बाद में, पहले ये दिखाओ कि पानी कहाँ से आता था और कहाँ जाता था." हे ऐकलं की ज्याला खरंच माहिती आहे त्याचा चेहरा खुलतो, आणि ज्याला नाही तो म्हणतो वो तो सब बंद हो गया साब, मग दुसरा बघा.

तिकिटं तीन ठिकाणी वेगवेगळी लागतात, जहाज महालाचा परिसर, होशंगशाहचा मकबरा-जामी मशीद, आणि रूपमती मंडप. क्यूआर कोड स्कॅन करून मिळतात, पण नेटवर्क दगा देतं म्हणून कॅश ठेवा. हाच क्रम पण ठेवा, गाईड स्वतःच्या सोयीने उलटा सुचवेल तरी.

जहाज महालाच्या परिसराला निदान दोन तास द्या, अडीच दिले तरी कमीच. एका बाजूला मुंज तलाव, दुसऱ्या बाजूला कपूर तलाव, आणि मध्ये १२० मीटरच्या आसपास लांब अरुंद महाल, पावसात दोन्हीकडे पाणी भरलं की खरोखर जहाज उभं असल्यासारखं दिसतं. हा माळव्याचा सुलतान गियासुद्दीन खिलजीच्या वेळचा मानतात, म्हणजे पंधराव्या शतकाचा शेवट. त्याच्या जनानखान्यात १५,००० बायका होत्या ही गोष्ट प्रत्येक गाईड सांगणारच, ऐकून घ्या आणि मग त्याला गच्चीवर न्यायला सांगा. गच्चीवर दगडात कोरलेल्या नागमोडी आणि गोल गोल फिरणाऱ्या पन्हाळ्या आहेत. नक्षी म्हणून लोक त्यावर पाय देऊन पुढे जातात, पण तिथे उकिडवे बसा आणि बोट फिरवून बघा. पाणी सरळ सोडलं तर जोरात वाहतं आणि गाळ सोबत घेऊन जातं, वळणं दिली की त्याचा वेग कमी होतो आणि गाळ खाली बसतो, म्हणजे कुंडात पोचेपर्यंत पाणी निवळतं. वरचं पाकळ्यांच्या आकाराचं कुंड आणि खालच्या मजल्यावरचं कुंड दोन्ही बघा आणि पाणी कुठून कुठे उतरतं ते गाईडला चालत चालत दाखवायला सांगा, नुसतं बोट दाखवून नाही. आपल्या घरी टाकी ओव्हरफ्लो होते तेव्हा आपण मोटर बंद करायला धावतो, आणि इथे गच्चीवरचा थेंबही वाया जाऊ न देणारी माणसं होती, मला तिथे उभं राहिलं की दरवेळी त्या अनाम गवंड्यांबद्दल फार आदर वाटतो.

तिथून हिंडोला महाल, जाडजूड भिंती तिरक्या उतरत्या, झोपाळ्यासारख्या कललेल्या म्हणून हे नाव, दहा मिनिटं पुरे. पण चंपा बावडी चुकवू नका. वरून साधी विहीर दिसते, खाली मात्र कमानींची तळघरं आहेत जी बावडीच्या पाण्याला लागून आहेत, उन्हाळ्यात राजघराण्याने गारव्याला बसायच्या जागा. पायऱ्या ओल्या असतात, टॉर्च किंवा मोबाईलचा उजेड ठेवा, लहान मुलांचा हात सोडू नका. बाजूलाच हमाम आहे, छताला चांदण्यांच्या आकाराची भोकं पाडलेली, त्यातून उजेड आत येतो, दुपारच्या आत गेलात तर तो उजेड फार सुंदर पडतो.

मग गावाच्या मध्यावर या. माळव्याचा सुलतान होशंगशाहने राजधानी धारहून इथे आणली, त्याचा मकबरा पांढऱ्या संगमरवराचा आहे आणि आत फार गार वाटतं. इथे गाईड सांगेल की यावरूनच ताजमहाल बांधला. दारावरचा शिलालेख दाखवायला सांगा, त्यात १६५९ साली शाहजहानचे कारागीर इथे मान द्यायला आले असं कोरलंय, त्यात उस्ताद हामिदचं नाव आहे. आता ताज १६५३ च्या सुमारास पुरा झाला होता, म्हणजे ही भेट ताज बांधून झाल्यावरची, नकाशा उतरवायला आले होते असं या लेखावरून म्हणता येत नाही. हे गाईडला खोडून काढण्यासाठी नका बोलू, प्रेमाने विचारा, चांगला गाईड थांबतो आणि मग कोरलेलं काय आणि सांगोवांगीचं काय ते स्वतःहून वेगळं करून सांगायला लागतो, तिथून पुढची सगळी ट्रिप बदलते. समोरची जामी मशीद १४५४ ची, आतली कमानींची रांग बघत पाच मिनिटं शांत बसा. रस्त्यापलीकडे अशर्फी महाल, मूळचा मदरसा, पायऱ्या खूप आहेत, गुडघे दुखणाऱ्यांनी खाली थांबलं तरी चालतं.

जेवायला दाल-पानिये. मक्याच्या पिठाच्या जाड टिक्क्या पळसाच्या पानांत ठेवून गोवरीच्या विस्तवावर भाजतात, त्यावर तूप आणि सोबत डाळ, वेळ लागतो म्हणून सकाळी आत शिरतानाच ऑर्डर देऊन ठेवा आणि गाईडला पण पानावर बसवा. बाजारात हिरवट मखमली नारळासारखं फळ लटकवलेलं दिसेल, ती मांडूची इमली, गोरखचिंच, झाड मूळचं आफ्रिकेतलं. खोड इतकं जाड असतं की चार-पाच माणसांनी हात धरले तरी कवळ पुरत नाही. आतला पांढरा गर आंबट असतो, मुलांना फार आवडतो. थंडीच्या सुरुवातीला गेलात तर सीताफळं घ्या, पण निघताना, नाहीतर गाडीत पिकून सांडतात.

दुपारी तीननंतर रेवा कुंडाकडे. इथून पाणी वर चढवून महालाकडे नेत असत त्या पाटाचे अवशेष दिसतात, बाजबहादूर महालाच्या अंगणातलं कुंड पण बघा. हा महाल माळव्याचा शेवटचा सुलतान बाजबहादूर याच्या आधीचा आहे, १५०८-०९ च्या सुमारास नासिरुद्दीन खिलजीच्या वेळी बांधलेला, नाव नंतर पडलं. मग रूपमती मंडप. तो मुळात पहाऱ्याची चौकी होती, खाली निमाडचं मैदान ३६५ मीटर खोल, हवा स्वच्छ असेल तर लांबवर नर्मदेची चमकती रेघ दिसते. बाजबहादूरची राणी रूपमती नर्मदेचं दर्शन घेतल्याशिवाय अन्न घेत नसे असं सांगतात. पायथ्याशी पावसाचं पाणी साठवायची जागा आहे, सगळे वर धावतात म्हणून तिथे कोणी थांबत नाही, तुम्ही थांबा. गोष्टीचा शेवट गाईड रंगवून सांगेलच, १५६१ मध्ये अकबराचा सरदार अधम खान आला, बाजबहादूर पळाला, रूपमतीने विष घेतलं, आणि ती उंचावर उभं राहून ऐकताना गळा दाटतो. पावसात मात्र इथे ढग इतके येतात की खालचं काही दिसत नाही, त्यावर नाराज होऊ नका, १६१७ मध्ये जहांगीर इथे राहिला तेव्हा त्यानेही या पावसाळ्याचीच तारीफ लिहून ठेवलीये. कठड्यावर चढून सेल्फी अजिबात नाही.

वेळ आणि पाय दोन्ही शिल्लक असतील तर नीलकंठ. अकबराच्या काळात बांधलेला विलासमहाल, आत महादेव, आणि दारापुढे दगडात कोरलेली गोल गुंडाळलेली पन्हाळी, ज्यात पाणी फिरत फिरत पुढे जातं. सकाळी जहाज महालाच्या गच्चीवर जे बघितलं तेच इथे वाहतं बघायला मिळतं. उतरायला बऱ्याच पायऱ्या आहेत आणि त्या परत चढायच्या आहेत, म्हणून ज्येष्ठांना घेऊन गेला असाल तर हे सोडा आणि त्याऐवजी बाजाराजवळचं चतुर्भुज रामाचं मंदिर दाखवा, चार हातांची राममूर्ती सहसा कुठे बघायला मिळत नाही.

पैसे देताना ठरलेले द्याच, आणि त्याने शिलालेख वाचून दाखवला असेल, पाण्याची वाट चालून दाखवली असेल तर वर थोडे जास्त द्या आणि त्याचा नंबर घेऊन ठेवा, तुमच्या नंतर जाणाऱ्या नातेवाईकांना थेट त्याच्याकडे पाठवता येतं, सीझनमध्ये अशा लोकांना आठवडाभर आधी फोन करावा लागतो. नालछापर्यंतचा रस्ता वळणाचा आहे आणि पावसात धुकं लवकर उतरतं, त्यामुळे सूर्यास्त बघायचा मोह असला तरी अंधार पडायच्या आत गडाखाली या. थंडीत पाचच्या सुमारास निघालात तर जेवायला इंदूर गाठता येतं.