विस्मृत फ्रेंच मूकनटाचा माग सांगलीतून कसा काढावा

मूकपटातल्या दुय्यम नटाचा शोध नुसत्या नावावरून घ्यायला गेल्यास सहसा काही हाती लागत नाही; सुरुवात भूमिकेपासून आणि चित्रसंस्थेपासून करावी. उदाहरणादाखल मार्सेल लेवेक (१८७७–१९६२) हा विनोदी नट घेऊ. गोमाँ संस्थेसाठी लुई फ्वीयाद यांनी १९१५-१६ मध्ये काढलेल्या ‘ले व्हॅम्पिर’ या दहा भागांच्या मालिकेत त्याने माझामेत रंगवला, तर १९१७ मध्ये पडद्यावर आलेल्या ‘ज्युडेक्स’मध्ये कोकांतँ हा खासगी गुप्तहेर. दोन्हींतली नटी म्युझिदोरा जगाला आठवते. लेवेक मात्र अभ्यासकांपुरताच उरला.

भूमिका आणि साल हाती आले की फ्रान्सच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या ‘गालिका’ या विनामूल्य संकेतस्थळावर जावे. लेवेक मूळचा रंगभूमीवरचा, म्हणून १९०७ पासून निघालेले ‘कोमेदिया’ हे नाट्यविषयक दैनिक आधी चाळावे आणि १९२१ नंतरच्या काळासाठी ‘सिनेमागाझिन’ पाहावे. त्याच्या ‘Lévesque’ या आडनावातला ‘एस’ उच्चारात नाही, पण शोधताना तो लिहावाच लागतो. शिवाय जुन्या छपाईतली अक्षरे संगणक कधी चुकीची वाचतो. त्यामुळे शोधात काही आले नाही म्हणून नोंदच नाही असे न समजता, प्रथम प्रदर्शनाच्या आठवड्यातले अंक पानोपानी पाहावेत. विष्णुदास भाव्यांनी १८४३ मध्ये जिथे ‘सीता स्वयंवर’ रंगवले, त्या सांगलीत जुन्या नाटक मंडळ्यांचा अभ्यास करणाऱ्याला हँडबिले आणि जाहिराती चाळण्याची ही चिकाटी नव्याने शिकवायला नको.

जन्मनोंद शोधण्यापूर्वी खरे नाव निश्चित करावे, कारण म्युझिदोरा या नावाची जन्मनोंद मिळणार नाही. ती झान रोक या नावाने आहे. पॅरिसची जुनी रजिस्टरे शहराच्या अभिलेखागाराने ऑनलाइन ठेवली आहेत, परंतु वीस विभागांची रजिस्टरे वेगवेगळी असल्याने दर दहा वर्षांची वर्णानुक्रम सूची प्रत्येक विभागात तपासावी लागते. हे काम कंटाळवाणे आहे. नोंद सापडल्यावर तिचा समासही वाचावा, कारण विवाहाचा, कधी मृत्यूचाही, शेरा तिथेच असतो.

इंटरनेटवरच्या चित्रपटसूच्या एकमेकींवरून उतरवलेल्या असतात, असे माझे मत आहे. त्यांतली भूमिका समकालीन अंकात दिसेपर्यंत वहीत पेन्सिलीनेच लिहावी. चेहरा पक्का करण्यासाठी झाँ रन्वार यांचा १९३६ चा बोलपट ‘ल क्रीम द मस्य लांज’ पाहावा. त्यात लेवेक इमारतीचा रखवालदार आहे, आणि वीस वर्षांनंतरही ते नाक लगेच ओळखू येते.