आडनावाचा अर्थ शोधताना या चुका टाळा

आडनावाचा अर्थ शोधायला बसलेल्यांची पहिली चूक ठरलेली असते. आजच्या रूपाचे दोन तुकडे करायचे, प्रत्येक तुकड्यासाठी एखादा भारदस्त संस्कृत शब्द काढायचा आणि त्या जोडणीला व्युत्पत्ती म्हणायचे. आडनाव पिढ्यानपिढ्यांच्या बोलण्यातून झिजत आलेले असते, त्यामुळे केवळ आजच्या रूपावर उभारलेला अर्थ बहुतेक वेळा कोसळतो.

एका पारसनीस घराण्याच्या कुलवृत्तान्ताचा मजकूर माझ्याकडे तपासणीसाठी आला होता. मुखपृष्ठावर परीस छापायचे ठरले होते आणि लोखंडाचे सोने करणाऱ्या कोणा पूर्वजाची दीड पानांची कथा प्रस्तावनेत होती. मग 'नीस' कुठून आले, असे विचारल्यावर तो 'निःस्पृह'चा अपभ्रंश आहे, असे उत्तर मिळाले. वस्तुतः 'नीस' म्हणजे फारसी 'नवीस', अर्थात लिहिणारा. चिटणीस, सबनीस, वाकनीस ही नावे त्याच घडणीची आहेत. दरबारचा फारसी पत्रव्यवहार सांभाळणारा तो पारसनीस. संपादक मंडळाला हे पटेना, कारण आपले नाव परभाषेतून आले हे त्यांना कमीपणाचे वाटत होते. अखेर त्यांच्याच घरातले मोडी कागदांचे रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले गठ्ठे, सोडून एका जाणकाराकडून वाचून घेतले, तेव्हा एका सनदेच्या नकलेत 'फारसनीस' असे स्पष्ट लिहिलेले निघाले. पुरावा माळ्यावर पडून होता आणि कथा मात्र छपाईला निघाली होती.

फारसी पदनामाची लाज बाळगण्याचे काहीच कारण नाही. शिवाजी महाराजांनी रघुनाथपंडितांकडून फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राजव्यवहारकोश करवून घेतला, राज्यकारभारात मुजुमदाराचा अमात्य आणि डबिराचा सुमंत झाला, तरीही मुजुमदार आणि डबीर ही आडनावे आज मराठी घरांत अभिमानाने नांदत आहेत.

म्हणून अर्थाकडे वळण्याआधी मी जुन्यात जुने लिखित रूप मागतो. शाळेचे दाखल-खारीज रजिस्टर, गावातल्या जन्म-मृत्यूंची नोंद असलेले कोतवाल बुक, जमिनीचे फेरफार, नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्या, यांपैकी काहीतरी समोर आल्याशिवाय मी मत देत नाही. त्यानंतर मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची १८५७ सालची दुसरी आवृत्ती उघडतो, कारण आता वापरातून गेलेले गावगाड्याचे आणि दप्तराचे कितीतरी शब्द तिच्यात नोंदलेले आहेत. एका दुपारीत घराण्याचे मूळ हवे असणाऱ्यांनी हा नाद करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

'कर' दिसला की नकाशात गाव शोधून मोकळे होणे, ही दुसरी घाई. चिपळूणकरांचे गाव सापडणे सोपे आहे. पण वडगाव आणि पिंपळगाव महाराष्ट्रात जागोजागी आहेत, तेव्हा कुलदैवत आणि जुना तालुका विचारल्याशिवाय वडगावकरांचे मूळ कसे ठरवणार? शिवाय गावात राहणाऱ्याला गावाचे नाव लावण्याची गरज सहसा पडत नाही. ते नाव गाव सोडल्यावर चिकटते. होळकरांचे राज्य माळव्यात होते, पण नाव नीरा नदीकाठच्या होळ गावाचे. म्हणून 'कर' लागलेल्या घराण्याची कागदपत्रे मूळ गावाइतकीच पुढच्या मुक्कामीही शोधावी लागतात. काही वेळा असे आडनाव फार जुनेही नसते: मास्टर दीनानाथांनी गोव्यातल्या मंगेशीवरून मंगेशकर हे नाव स्वतः घेतले.

जाधव म्हणजे यादव, हे ध्वनिबदलाच्या दृष्टीने बरोबर आहे. त्यावरून प्रत्येक जाधवाचा वंश देवगिरीला नेणे बरोबर नाही. जाधव, पवार, चव्हाण ही आडनावे मराठा, बंजारा, बौद्ध अशा अनेक समाजांत आहेत.

मुलांच्या नावांत तर अर्थांच्या तयार याद्यांनी अतोनात नुकसान केले आहे. 'आरव' म्हणजे शांत, असे अनेक याद्यांत छापलेले असते. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, आरडाओरडा. 'नय' म्हणजे नीती आणि 'अनय' म्हणजे अनीती, तरी त्याला 'सर्वश्रेष्ठ' असा अर्थ चिकटवला जातो. राधेच्या पतीचे नाव म्हणून कोणी अनय ठेवले तर ती समजण्यासारखी निवड आहे, पण पालकांना खरा अर्थ आधी माहीत असायला हवा. नाव नक्की करण्यापूर्वी एक चांगला संस्कृत कोश स्वतः उघडून पाहावा. यादी यादीवरूनच उतरवलेली असते.

याउलट दगडू, धोंडू, केरबा ही नावे शब्दशः घेऊन हसणे हे अज्ञान आहे. आधीची मुले दगावलेल्या घरात, या मुलाला दृष्ट लागू नये, म्हणून अशी नावे ठेवीत. त्यांच्याच पंक्तीत 'नकुशी'ला बसवणे ही आणखी मोठी चूक आहे. दगडूच्या नावामागे मूल जगावे ही आस होती, तर नकुशीच्या नावामागे मुलगी नको ही भावना. म्हणूनच २०११ साली सातारा जिल्ह्यात या नावाच्या अडीचशेहून अधिक मुलींना नवी नावे देण्यात आली.