भाज्यांचं सूप पांचट का होतं?
बहुतेकदा मसाला थेट उकळत्या पाण्यात पडल्यामुळे. जिरे-मिरीचा स्वाद तेलात जास्त उतरतो. चौघांसाठी २ चमचे तेलात अर्धा चमचा जिरे तडतडवा. १ कांदा, ४ लसूण पाकळ्या, इंचभर आलं मंद आचेवर परता. पाव चमचा हळद, अर्धा चमचा भरडलेली मिरी घातली की अर्ध्या मिनिटात लिटरभर पाणी ओता, नाहीतर मसाला करपून कडवट लागेल. आधी गाजर, बटाटा. १० मिनिटांनी मटार, कोबी. टोमॅटो शेवटी, कारण आंबटपणामुळे बटाटा मऊ व्हायला वेळ लागतो. दाटपणासाठी कॉर्नफ्लोअर कशाला? वाटीभर शिजलेल्या भाज्या रवीने घोटून परत घाला. मिक्सरच वापरायचा तर आधी गार करा. वाफेने झाकण उडतं. लिंबू गॅस बंद केल्यावर.